पटाचारेचे वस्त्र

आपल्या वसतिगृहात रविवारच्या सायंवंदनेनंतर थेरींच्या कथा सांगण्याची प्रथा आहे. माजी विद्यार्थ्यांना ती स्मरत असेलच. या कथांपैकी पटाचारेची कथा मुले सर्वांत स्तब्धपणे ऐकतात. श्रावस्तीच्या एका श्रेष्ठीची ही कन्या. घरच्या सेवकासमवेत ती घर सोडून गेली. दुसऱ्या बाळंतपणासाठी माहेरी निघाली असता वाटेत वादळाने गाठले. आडोशासाठी फांद्या तोडायला गेलेला पती सर्पदंशाने मरण पावला. पुढे नदीला पूर. नवजात बालकाला पैलतीरावर ठेवून थोरल्याला आणण्यासाठी ती परत फिरली. प्रवाहाच्या मध्यावर असतानाच एका पक्ष्याने बाळावर झडप घातली. त्याला हुसकावण्यासाठी पटाचारा ओरडली, हात हलवू लागली. आई आपल्यालाच बोलावते आहे असे वाटून थोरला पाण्यात उतरला आणि वाहून गेला. श्रावस्तीजवळ पोहोचल्यावर कळले की, रात्रीच्या पावसात घर कोसळून आईवडील आणि भाऊ एकाच चितेवर जळत आहेत. तिची शुद्ध हरपली. अंगावरचे वस्त्र गळून पडले, याचेही तिला भान राहिले नाही. लोक तिला वेडी म्हणून हाकलू लागले.

तशीच ती जेतवनात आली. उपस्थितांनी तिला अडवू पाहिले. भगवंतांनी अडवू दिले नाही. त्यांनी तिला बहीण म्हणून संबोधिले आणि हरवलेले भान परत आणण्यास सांगितले. भान आले तशी लाजही आली. तेव्हा सभेतील कोणी एकाने आपले उत्तरीय तिच्याकडे टाकले. ते पांघरून झाल्यावर मग ती बोलली. आपली हकीकत तिने स्वतःच्या मुखाने सांगितली आणि भगवंतांनी ती ऐकून घेतली. पुढे हीच पटाचारा विनयात अग्रगण्य ठरली आणि दुःखाने पोळलेल्या कितीतरी स्त्रिया तिच्यापाशी येऊन बोलत्या झाल्या.

या कथेतील क्रम ध्यानात घेण्यासारखा आहे. आधी भान, मग वस्त्र, आणि त्यानंतर कथन. ही कथा आम्ही वर्षानुवर्षे सांगत आलो, आणि आमच्याच सभागृहात तिचा क्रम विसरलो. प्रस्तुत लेखाचे निमित्त ते आहे.

काही वर्षांपूर्वीच्या स्नेहसंमेलनात नववीच्या विद्यार्थ्यांनी जातीय अत्याचारावर एकांकिका सादर केली. संहिता मुलांचीच, दिग्दर्शनाची जबाबदारी आमच्यापैकी दोघांची. प्रसंग खरा वाटावा म्हणून आम्ही फार कष्ट घेतले होते. काठ्या खऱ्या होत्या, लाल रंग सढळ हाताने वापरला होता, मार खाणाऱ्याच्या किंकाळ्यांची तालीम तर आठवडाभर चालली होती. सभागृह सुन्न झाले आणि नंतर टाळ्यांनी दणाणले. त्या टाळ्या चालू असताना चौथ्या रांगेतील एक वृद्धा उठून बाहेर गेली. आम्ही मागोमाग गेलो. पाण्याच्या टाकीपाशी ती भिंतीला हात टेकून उभी होती. पूर्णाकाठच्या एका गावची ही आजी; मार खाणाऱ्याची भूमिका करणारा मुलगा तिचा नातू. तरुणपणी तिच्या स्वतःच्या दारात जे घडले होते, ते तिने नातवाला, किंबहुना पोटच्या मुलालाही, कधी सांगितले नव्हते. आणि आज तो नातू तिच्यासमोर, दिव्यांच्या प्रकाशात, तेच भोगत होता.

आमचा हेतू शुद्ध होता, हे खरे. परंतु आम्ही एका माणसाच्या अंगावरचे वस्त्र सभेत ओढले होते, हेही तितकेच खरे. मग काय करावे? असे प्रयोग थांबवावेत? आपल्या समाजाला आपल्या दुःखाचा इतिहास मुलांपासून लपवणे परवडणारे नाही. की चालू ठेवावेत, पण निराळ्या रीतीने? उत्तराच्या शोधात आम्ही जे वाचत गेलो, त्याने आम्हाला एका बौद्ध देशापर्यंत नेले. जिथे एका पिढीतील जवळजवळ प्रत्येक जिवंत माणूस या आजीच्या जागी उभा होता आणि जिथल्या कलावंतांना हाच प्रश्न चार दशके सोडवावा लागला, असा तो देश म्हणजे कंबोडिया.

१७ एप्रिल १९७५ रोजी ख्मेर रूज या संघटनेच्या सैनिकांनी राजधानी नॉम पेन्ह ताब्यात घेतली आणि संपूर्ण शहर रिकामे करून माणसांना शेतांवर हाकलले. ७ जानेवारी १९७९ पर्यंत ही राजवट टिकली. एवढ्या अवधीत, सुमारे ऐंशी लक्ष लोकवस्तीच्या त्या देशात, सर्वसाधारण अंदाजानुसार सतरा लक्षांच्या आसपास माणसे उपासमारीने, रोगाने, अतिश्रमाने किंवा प्रत्यक्ष हत्येने मेली. शिकलेला माणूस हा शत्रू ठरला. चष्मा असणेही धोक्याचे होते. भिक्षूंची चीवरे उतरविण्यात आली, विहारांची कोठारे आणि तुरुंग झाले. चाम मुस्लिम आणि व्हिएतनामी वंशाच्या लोकांना वेचून मारण्यात आले. नर्तक, गायक, नट यांच्यापैकी फारच थोडे वाचले.

हाइंग न्गोर हे नॉम पेन्हमधील स्त्रीरोग व प्रसूतितज्ज्ञ. शहर पडले त्या दिवशी ते शस्त्रक्रिया करीत होते आणि रुग्णाला टेबलावर तसाच सोडून त्यांना बाहेर पडावे लागले. डॉक्टर असल्याचे कळले तर मरण निश्चित होते. त्यांनी चष्मा टाकून दिला आणि आपण टॅक्सी चालवत होतो असे सांगितले. तीन वेळा त्यांना पकडून छळण्यात आले. तिन्ही वेळा त्यांनी खरा पेशा सांगितला नाही. १९७८ मध्ये त्यांची पत्नी ह्युई प्रसूतिवेदनांत होती. पोट फाडून मूल काढणे आवश्यक होते. ज्याने आयुष्यभर हेच काम केले, तो पती शेजारी बसला होता. हाती साधन नव्हते आणि शस्त्रक्रिया केली असती तर ओळख उघड होऊन सर्वांचा अंत झाला असता. आई आणि बाळ दोघेही गेले. हा प्रसंग आम्ही एकमेकांस वाचून दाखवीत असताना वाचन थांबवावे लागले होते, एवढेच नमूद करतो.

१९७९ मध्ये न्गोर सीमा ओलांडून थायलंडच्या निर्वासित छावणीत पोहोचले आणि पुढच्या वर्षी अमेरिकेस गेले. तेथे त्यांना डॉक्टरकी करता आली नाही. लॉस एंजेलिसमध्ये निर्वासितांना काम मिळवून देण्याची नोकरी ते करू लागले. १९८२ मध्ये एका कंबोडियन लग्नसमारंभात चित्रपटासाठी चेहरे शोधणाऱ्या एका बाईंनी त्यांना पाहिले. अभिनयाचा अनुभव शून्य. आरंभी ते तयारही नव्हते. परंतु कंबोडियाची कहाणी जगाला सांगण्याचे वचन त्यांनी पत्नीला दिले होते, आणि त्यासाठी त्यांनी होकार दिला. चित्रपट होता रोलंड जोफे दिग्दर्शित ‘द किलिंग फील्ड्स’. १९८४ मध्ये तो प्रदर्शित झाला आणि १९८५ मध्ये न्गोर यांना सहायक अभिनेत्याचा ऑस्कर पुरस्कार मिळाला.

आम्हाला या पुरस्काराहून मोलाची वाटली ती वेगळीच गोष्ट. न्गोर यांनी पडद्यावर स्वतःची कथा केलीच नाही. त्यांनी केली ती दिथ प्रान या दुभाषी पत्रकाराची भूमिका. प्रान यांनीही त्याच काळात शिक्षण लपवून, उपाशी राहून जीव वाचवला होता. दुसऱ्याच्या नावाखाली, दुसऱ्याच्या आयुष्याच्या आडोशाने न्गोर यांनी आपली भूक, आपली भीती आणि आपले मौन उभे केले. दुसऱ्याची भूमिका हे त्यांच्यासाठी सभेतून फेकलेले उत्तरीय होते. स्वतःची हकीकत, पत्नीच्या मृत्यूसह, त्यांनी त्यानंतर काही वर्षांनी आत्मकथनात सांगितली. भूमिका आधी, आत्मकथन नंतर. हा क्रम योगायोगाचा आहे असे आम्हाला वाटत नाही.

अभिनयाने त्यांची जखम भरून आली असे म्हणण्याचे धाडस मात्र कोणी करू नये. थायलंडमधील चित्रीकरणात ख्मेर रूज सैनिकांच्या वेशातील नट समोर येत, तेव्हा जुने भय उसळून येई. पत्नीचे छायाचित्र असलेले लॉकेट ते अखेरपर्यंत गळ्यात घालीत. २५ फेब्रुवारी १९९६ रोजी लॉस एंजेलिसमधील राहत्या घराबाहेर लुटारूंनी त्यांची हत्या केली. ते लॉकेट द्यायला त्यांनी नकार दिला होता, असे सांगितले जाते.

पुढे दिथ प्रान यांनी त्या काळात बालक असलेल्या कंबोडियन माणसांच्या आठवणी संकलित केल्या. १९९७ च्या त्या ग्रंथात सोफिलीन चीम शापिरो यांचा लेख आहे. राजवट आली तेव्हा त्या आठ वर्षांच्या होत्या. वडील आणि भाऊ त्यांनी गमावले. शेतावर राबताना लहान मुलांकडून क्रांतीची गाणी म्हणवून घेतली जात, आणि ती गाणी, मारेकऱ्यांची असूनही, त्यांना पाठ झाली होती. गाण्याने माणूस कसा घडवता येतो आणि कसा बिघडवता येतो, हे ज्यांना शाळेच्या वयातच कळले, त्यांचा कलेवरील विश्वास भाबडा असू शकत नाही. राजवट कोसळल्यावर वाचलेल्या मोजक्या नृत्यगुरूंना एकत्र आणून नॉम पेन्हमध्ये कलाविद्यालय पुन्हा उघडण्यात आले. ग्रंथ जळालेले, वाद्ये फुटलेली. जे काही उरले होते ते वृद्ध स्त्रियांच्या हातांच्या बोटांत आणि स्मरणात. त्यांच्याकडून शिकून बाहेर पडलेल्या पहिल्या पिढीत सोफिलीन होत्या.

२००० मध्ये त्यांनी शेक्सपिअरचे ‘ऑथेल्लो’ ख्मेर शास्त्रीय नृत्यनाट्यात आणले. देवलांच्या ‘झुंझारराव’मुळे ही कथा मराठी रसिकांना सव्वाशे वर्षांहून अधिक काळ परिचित आहे. सोफिलीन यांना त्यात वेगळेच दिसले. निरपराध पत्नीचा घात केल्यावर हा सेनापती स्वतःचा अपराध स्वतः ओळखतो आणि शिक्षाही स्वतःच भोगतो. आपल्या देशातील मारेकऱ्यांपैकी किती जणांनी हे केले? त्या काळापर्यंत एकाही प्रमुख नेत्यावर आंतरराष्ट्रीय पाठबळ असलेल्या न्यायालयात खटला उभा राहिलेला नव्हता. प्रश्न थेट न विचारता राजवस्त्रे ल्यालेल्या नर्तकींच्या मुद्रांतून विचारला गेला.

त्यांचे यानंतरचे काम आमच्या विषयाच्या अगदी गाभ्याचे आहे. ख्मेर रूजच्या काळात अनोळखी स्त्रीपुरुषांची सामुदायिक लग्ने लावली जात. आईबाप नाहीत, भिक्षू नाहीत, मंगल गाणी नाहीत. फक्त ‘अंगकार’शी, म्हणजे संघटनेशी, निष्ठेची शपथ. रात्री झोपडीबाहेर हेर उभे राहून नवदांपत्य एकत्र येते की नाही याची खातरजमा करीत. काही जोडपी राजवट संपताच विलग झाली. काहींनी संसार केले, त्यांना मुले झाली, आणि संसार कसा सुरू झाला याविषयी घरात कोणी चकार शब्द काढला नाही. बोलायचे तरी कसे? जो अत्याचार होता, त्यातूनच मुले जन्मली होती आणि ज्याच्याशी जबरदस्तीने बांधले, तोही तितकाच बळी होता. या स्त्रियांच्या कथनावर आधारित नृत्यनाट्य सोफिलीन यांनी बसविले. २०१७ मध्ये त्याचे प्रयोग झाले. त्याचे नाव सुपारीच्या फुलावरून आहे, कारण ते फूल ख्मेर विवाहाचे चिन्ह होय. मानसिक उपचार करणारी एक संस्था या उपक्रमात सहभागी होती, आणि ‘करुणा’ हा आपल्याच पाली परंपरेतील शब्द जिच्या नावात आहे अशी आणखी एक संस्थाही. प्रत्यक्ष भोगलेल्या स्त्रिया रंगमंचावर नव्हत्या, त्या प्रेक्षकांत बसल्या होत्या. त्यांचे दुःख प्रशिक्षित नर्तकींच्या देहांनी, शतकानुशतके घासून नेमक्या झालेल्या मुद्रांनी सांगितले. ओरबाडणे नाही, किंकाळी नाही. तरीही काय घडले हे समोर बसलेल्या प्रत्येकीला कळत होते.

१६ नोव्हेंबर २०१८ रोजी संयुक्त राष्ट्रांच्या साहाय्याने चालणाऱ्या कंबोडियातील विशेष न्यायालयाने नुओन चिआ आणि खिऊ सम्फान या नेत्यांना नरसंहाराच्या तसेच सक्तीच्या विवाहांसह मानवतेविरुद्धच्या गुन्ह्यांसाठी दोषी ठरविले. त्याच खटल्यात पीडितांना द्यावयाच्या सामूहिक व नैतिक भरपाईत या नृत्यनाट्याचा समावेश झाला. न्यायनिर्णयात नृत्य! आम्ही हे दोनदा तपासून पाहिले. परंतु येथे एक सावधगिरीचा शब्द आवश्यक आहे. ते नृत्य शिक्षेच्या ऐवजी दिलेले नव्हते, शिक्षेच्या सोबत दिलेले होते. आपल्याकडे अलीकडे ‘जखमा भरून काढू या’ असे गोड बोलणारे पुष्कळ भेटतात; त्यांतील काहींना फिर्याद मागे घेतलेली हवी असते. १९८९ च्या अत्याचार प्रतिबंधक कायद्याची जागा कोणतीही एकांकिका घेऊ शकत नाही, आणि घेऊही नये. कंबोडियातही चार दशके लोटली आणि त्या न्यायालयात दोषी ठरले ते अवघे तीन जण. कलेने जे केले ते न्यायाची वाट पाहणाऱ्यांसाठी केले.

भिक्षू महाघोषानंद यांचाही येथे उल्लेख करावयास हवा. थायलंडच्या सीमेवरील छावण्यांत ते गेले तेव्हा अंगावर चीवर असलेला भिक्षू लोकांनी कित्येक वर्षांत पाहिला नव्हता. त्यांनी मेत्तसुत्ताच्या प्रती वाटल्या, वैराच्या शमनाविषयीची धम्मपदातील गाथा म्हटली. ऐकणारे सोबत म्हणू लागले आणि रडू लागले. १९९२ पासून सुरुंग पेरलेल्या प्रदेशांतून त्यांनी धम्मयात्रा काढल्या. बोलण्याआधी लागणारे भान अनेकांना या पाठांनी परत दिले असावे.

आता आपल्याकडे वळू. जातिव्यवस्थेचा छळ आणि कंबोडियातील नरसंहार या एकच गोष्टी नव्हेत, आणि तसे म्हणून कोणाचेच दुःख मोठे होत नाही. तथापि दुःख रंगमंचावर आणण्याची आपली परंपरा त्यांच्या या प्रयत्नांहून जुनी आहे. सत्यशोधक जलशांच्या वाटेने आंबेडकरी जलसे आले. नाशिककडील भीमराव कर्डक यांच्या जलशाचा एक प्रयोग आपल्या दहा सभांच्या तोडीचा आहे, असा अभिप्राय बाबासाहेबांनी दिल्याचे प्रसिद्ध आहे. बाबासाहेबांच्याच प्रेरणेने प्राचार्य म. भि. चिटणीस यांनी लिहिलेले ‘युगयात्रा’ हे नाटक १९५५ मध्ये औरंगाबादच्या मिलिंद महाविद्यालयात झाले आणि पुढच्या वर्षी नागपूरला धम्मदीक्षेच्या प्रसंगी पुन्हा झाले. विद्यार्थ्यांच्या रंगमंचाचा संबंध आपल्या धम्मक्रांतीशी असा आरंभापासून आहे.

आणि आपल्या वऱ्हाडचीच गोष्ट सांगायची तर, १९७४ मध्ये अकोला जिल्ह्यातील धाकली येथे गवई बंधूंचे डोळे काढण्यात आले. दलित पँथरने तो प्रश्न राज्यभर पेटविला. भि. शि. शिंदे यांनी त्या घटनेवर ‘काळोखाच्या गर्भात’ हे नाटक लिहिले. हे सर्व लेखन आणि हे सर्व जलसे आवश्यकच होते. परंतु त्यांचे तोंड बाहेरच्या जगाकडे होते. झोपलेल्याला जागे करायचे, अपराध्याला लाजवायचे, आपल्या माणसांना उभे करायचे, हे त्यांचे काम. ज्याला झाले, तो घरी गेल्यावर रात्री काय करतो, या प्रश्नासाठी त्या धकाधकीत सवड नव्हती. आमची एकांकिकाही त्याच परंपरेतली होती. चूक इतकीच झाली की, जागे करायला निघालेलो आम्ही अशा सभागृहात होतो जिथे अर्धे प्रेक्षक मुळी झोपलेलेच नव्हते.

पुढच्या वर्षी आम्ही त्या आजींच्या घरी गेलो. संहिता घेऊन गेलो नाही. नाटक करू नये असे त्या म्हणाल्या असत्या, तर ते होणार नव्हते. तीन खेपा झाल्या. पहिल्या दोन खेपांत केवळ पऱ्हाटी, पाऊस आणि नातवाचे गुण एवढेच बोलणे झाले. तिसऱ्या खेपेस आठवी-नववीच्या पाच मुली सोबत होत्या. चुलीपाशी बसून आजींनी त्या मुलींना सांगितले, आम्हाला नव्हे. आम्ही ओसरीवर होतो. त्या दिवशी त्या भाकरी करीत होत्या. बाहेर आरडाओरडा झाला तशा त्या धावल्या, आणि रात्री उशिरा घरात परतल्या तेव्हा तव्यावर जळून कोळसा झालेली भाकर तशीच होती. इतकी वर्षे त्यांच्या डोळ्यांसमोर येते ती ती भाकर.

एका मुलीने विचारले, “आजी, मग नाटकात काय दाखवू आम्ही?”

“मारतानी दाखवू नका, पोरीहो,” आजी म्हणाल्या. “थे मले ठावं हाय. भाकर दाखवा.”

नातवाला त्यांनी त्याच रात्री स्वतः सांगितले. काय सांगितले ते आम्ही विचारले नाही.

एकांकिका बारा मिनिटांची झाली. रंगमंचावर एक चूल, एक परात, एक मुलगी. बाहेर काय होते आहे ते प्रेक्षकांना दिसत नाही. केवळ तिचे हात भाकर थापताना थांबतात. नावे बदलली होती, गाव बदलले होते, नातवाला प्रकाशयोजनेचे काम दिले होते. लाल रंगाची बाटली कपाटातून काढलीच नाही. सभागृहात टाळ्या फार थोड्या वाजल्या, आणि प्रयोगानंतर बराच वेळ कोणी उठले नाही. मग पालकांपैकी दोन बाया आजींच्या शेजारी येऊन बसल्या. त्यांचे हळू आवाजातले बोलणे रात्रीच्या जेवणाची घंटा होईपर्यंत चालले होते. एकीचे गाव दर्यापूरकडचे, दुसरीचे बाळापूरकडचे.

आजी आता दरवर्षी तालमीला येतात. मुलींच्या भाकरी थापण्यावर त्यांचा मुळीच विश्वास नाही. गेल्या डिसेंबरात त्या रंगमंचावर चढल्या, परात पुढे ओढली, आणि पीठ कसे मळायचे, हाताला पाणी किती लावायचे, भाकर हातावर कशी फिरवायची हे त्यांनी नव्या मुलीला दोनदा करून दाखविले. तिसऱ्यांदा तिच्याकडून करून घेतले.